नाके, नकाशा आणि वेळ : बहुखेळाडू शूटर खेळांतील युद्धनीती व आज्ञापत्रातील दुर्गविचार

प्रस्तावना

व्हिडिओ गेम हा विषय महाविद्यालयीन वर्तुळात बहुधा व्यसन, अभ्यासाकडील दुर्लक्ष आणि हिंसा या तीनच अंगांनी चर्चिला जातो. मार्च २०१९ मध्ये राजकोट पोलिसांनी पबजी खेळण्यास मनाई करून काही तरुणांना अटक केली. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र शासनाने ११८ अॅप्सवर बंदी घातली, त्यांत पबजी मोबाइलचा समावेश होता. जुलै २०२१ मध्ये त्याच खेळाचे भारतीय रूप ‘बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया’ या नावाने आले. या काळात बंदी योग्य की अयोग्य यावर भरपूर वाद झाला; परंतु या खेळांच्या रचनेत युद्धाविषयी कोणता विचार सामावला आहे, हा प्रश्न बाजूलाच राहिला. विद्यार्थी ज्या रचनेत रोज काही तास वावरतात, तिचे परीक्षण करणे हे समीक्षेचे काम आहे. त्यासाठी लागणारा मापदंड कोल्हापूरच्याच परंपरेत उपलब्ध आहे. तो म्हणजे आज्ञापत्र.

१. खेळाचे स्वरूप

फर्स्ट पर्सन शूटर या प्रकारात खेळाडू आपल्या पात्राच्या डोळ्यांनीच रणभूमी पाहतो. पडद्यावर त्याला केवळ स्वतःचे हात व शस्त्र दिसते. पाठीमागे काय आहे, भिंतीपलीकडे कोण आहे, हे त्याला कळत नाही. १९९३ च्या ‘डूम’पासून अनेकांनी एकमेकांविरुद्ध खेळण्याची प्रथा रुजली. १९९९ मध्ये मिन्ह ले व जेस क्लिफ यांनी ‘हाफ-लाइफ’ या खेळात फेरफार करून ‘काउंटर-स्ट्राइक’ घडवला आणि या प्रकाराला सांघिक डावपेचांची शिस्त लाभली. बाहेरून पाहणाऱ्यास यात केवळ नेमबाजी दिसते. प्रत्यक्षात नेम हा यातील एक घटक आहे. कोणते नाके कोणी अडवायचे, सहकाऱ्याने पुढे सरकताना त्याला आडोसा कसा द्यायचा, धुराच्या गोळ्याने शत्रूची दृष्टी केव्हा बंद करायची आणि पावलांचा आवाज कोठे होऊ द्यायचा नाही, यांवर निकाल अवलंबून असतो. एकट्याची दृष्टी अपुरी असल्यामुळे संघातील परस्पर-निरोपाला येथे शस्त्राइतकेच मोल येते.

२. आज्ञापत्राचा मापदंड

इ. स. १७१५-१६ च्या सुमारास, करवीरकर संभाजी महाराजांच्या कारकिर्दीत सिद्ध झालेले आज्ञापत्र रामचंद्रपंत अमात्य बावडेकर यांच्या नावाशी निगडित आहे. राजाराम महाराज १६८९ मध्ये जिंजीकडे गेले तेव्हा हुकूमतपन्हा या अधिकाराने महाराष्ट्राचा कारभार याच अमात्यांनी सांभाळला. त्यामुळे या ग्रंथातील दुर्गप्रकरणामागे प्रत्यक्ष युद्धाचा अनुभव उभा आहे. गडाजवळ तोफेच्या माऱ्यात येणारी दुसरी उंच जागा असू नये. असल्यास ती सुरुंगाने उडवावी, ते न साधल्यास बांधून गडाच्या आवाक्यात घ्यावी. दरवाजा पायथ्यावरून दिसू नये; त्यापुढे बुरूज देऊन वाट वळणाची करावी. एकच दरवाजा हा दोष मानून चोरदिंड्या ठेवाव्यात. पाण्याची सोय आधी पाहावी आणि गडाभोवतालची झाडी राखावी. या सर्व सूचनांमागे एकच सूत्र दिसते : भूमी अशी घडवावी की थोड्यांनी पुष्कळांना दीर्घकाळ थोपवावे.

या सूचनांमागील किंमत मराठ्यांनी मोजलेली होती. एप्रिल १६६५ मध्ये मोगलांनी पुरंदरशेजारचा वज्रगड घेतला आणि तेथून पुरंदरावर मारा सुरू केला. जूनमध्ये तहात तेवीस किल्ले द्यावे लागले. पन्हाळ्याशेजारची टेकडीही पुढे पावनगडाच्या रूपाने बांधून घेण्यात आली. दुर्गप्रकरणातील प्रत्येक नियम असा कोठल्यातरी रणात सिद्ध झालेला आहे.

३. समतोल नकाशा

या मापदंडाने शूटर खेळांचे नकाशे तपासले असता पहिला भेद स्पष्ट होतो. डेव्हिड जॉन्स्टन यांनी २००१ मध्ये रचलेला काउंटर-स्ट्राइकमधील ‘डस्ट २’ हा नकाशा या कलेचा आदर्श मानला जातो. बॉम्ब पेरण्याच्या दोन जागा, त्यांकडे जाणाऱ्या मोजक्या वाटा आणि मधल्या दरवाजांच्या फटीतून लांबवर साधणारा नेम, अशी त्याची रचना आहे. वळणे, आडोसे व अरुंद नाकी यांचा येथील वापर दुर्गकाराला ओळखीचा वाटावा असाच आहे. मात्र हेतू उलट आहे. दुर्गकार भूमी आपल्या बाजूने झुकवतो. नकाशाकार ती दोन्ही पक्षांसाठी समतोल ठेवतो. जी विषमता उरते तीही निम्म्या फेऱ्यांनंतर पक्षांची अदलाबदल करून वाटून घेतली जाते. खेळ म्हणून हे न्याय्यच आहे. तथापि या समतोलाला युद्धाचे चित्र समजण्याची चूक होऊ नये. युद्धात समबळाची लढत ही सेनापतीच्या नियोजनाची त्रुटी असते.

४. चाळीस सेकंदांची खिंड

मार्च १६६० पासून सिद्दी जौहरचा वेढा पन्हाळ्यास होता. १२ जुलै १६६० च्या रात्री शिवाजी महाराज गडाबाहेर पडले. राजदिंडीच्या वाटेने ते गेले असे परंपरा सांगते. पाठलागावरील फौज गजापूरच्या खिंडीत बाजीप्रभू देशपांडे यांनी थोपवली आणि महाराज विशाळगडास पोहोचले. खिंड लढवणाऱ्यांचे यश त्यांनी किती शत्रू मारले यावर ठरत नाही. त्यांनी किती वेळ मिळवून दिला यावर ठरते. बाजीप्रभू पडले, तरी कार्य सिद्धीस गेले.

असे यश शूटर खेळाच्या नियमांत बसते काय? काउंटर-स्ट्राइकमध्ये ते बसते. त्यात बॉम्ब पेरला गेला की हल्लेखोर क्षणात रक्षक होतात. ‘काउंटर-स्ट्राइक २’च्या स्पर्धात्मक खेळात स्फोटास ४० सेकंद लागतात, बॉम्ब निकामी करण्यास १० सेकंद, साधने जवळ असल्यास ५. या अवधीत पेरणाऱ्या पक्षाचे सर्व खेळाडू मारले गेले तरी फेरी संपत नाही. बॉम्ब फुटला तर विजय त्यांचाच. म्हणजे मृत व्यक्तीने मिळवलेला वेळ येथे विजयात मोजला जातो. ही तुलना नियमांच्या आकृतिबंधापुरतीच आहे. पुढच्या फेरीत पुन्हा उठणारे पात्र आणि घोडखिंडीत पडलेला माणूस यांना एका पंक्तीत बसवता येणार नाही. तरीही ‘वेळ हेच शस्त्र’ हा विचार या नियमाने अचूक पकडला आहे, हे मान्य करावे लागते.

खेळाडूंचा व्यवहार मात्र या नियमाला नेहमी जागत नाही. मारलेले आणि मेलेले यांचे गुणोत्तर हीच प्रतिष्ठेची खूण झाल्यामुळे, दुसऱ्यासाठी नाके धरून पडलेला खेळाडू आकड्यांत दुबळा ठरतो. एका जागी दबा धरून बसणाऱ्यास ‘कॅम्पर’ म्हणून हिणवले जाते. आज्ञापत्राच्या दृष्टीने हेच बसणे गडकऱ्याचे कर्तव्य आहे. नियमाने दिलेले शहाणपण असे हिशेबाच्या पद्धतीत हरवते.

५. आक्रसणारे वर्तुळ

२०१७ मध्ये आलेल्या पबजीने बॅटल रॉयल हा प्रकार सर्वत्र नेला. पात्राच्या डोळ्यांतून किंवा पाठीमागून, अशा दोन्ही दृष्टींनी तो खेळता येतो. शंभर खेळाडू बेटावर उतरतात आणि सुरक्षित वर्तुळ क्रमाक्रमाने लहान होत जाते. या एका नियमाने दुर्गविचार मुळातच निषिद्ध ठरतो. कितीही उत्तम जागा धरली तरी वर्तुळ सरकताच ती सोडावी लागते. जिंजीने १६९० ते १६९८ मोगल फौज गुंतवून ठेवली. तग धरण्याच्या अशा नीतीला येथे अवकाशच नाही. सहकाऱ्यांपैकी एक उरला तरी संघ जिंकतो, एवढी सांघिकता यात आहे. परंतु अंतिम मूल्य उरण्याचे आहे, राखण्याचे नाही.

६. वेश आणि नियम

या पार्श्वभूमीवर पुण्याच्या सुपरगेमिंग या संस्थेची निर्मिती लक्षणीय ठरते. ‘मास्कगन’ हा मोबाइलवरील बहुखेळाडू फर्स्ट पर्सन शूटर तिने घडवला आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये ‘इंडस’ हा बॅटल रॉयल प्रसिद्ध केला. इंडसची चर्चा प्रामुख्याने त्याच्या भारतीय रूपाविषयी झाली : विरलोक नावाचे कल्पित विश्व, सर-ताज, आद्या, मोर-नी अशी पात्रे. हा वेश आकर्षक आहे; पण वेश बदलल्याने युद्धविचार बदलत नाही. इंडसमधील खरी नवी गोष्ट ‘कॉस्मियम’चा नियम ही आहे. शेवटचा उरण्याखेरीज कॉस्मियम ताब्यात घेऊनही सामना जिंकता येतो. एखादी वस्तू मिळवून राखणे हे यामुळे पुन्हा विजयाचे कारण ठरते. भारतीय खेळाचे वेगळेपण शोधायचे तर ते मोरपिसांच्या नक्षीपेक्षा अशा नियमात शोधावे लागेल.

निष्कर्ष

१. शूटर खेळांतील युद्धनीतीचा गाभा नेमबाजीत नसून भूमी, दृष्टी व वेळ यांच्या नियोजनात आहे.
२. काउंटर-स्ट्राइकची रचना वेळेचे मोल जाणते. बॅटल रॉयल तग धरण्याची नीती नियमानेच नाकारतो.
३. मृत्यूची गणना हाच मान ठरल्यास रचनेतील त्याग व राखण यांचे मूल्य झाकले जाते.
४. पन्हाळा, पावनखिंड यांची चित्रे खेळात आणणे सोपे आहे. आज्ञापत्रातील विषम भूमीचा विचार नियमात आणणे अवघड, परंतु मोलाचे आहे.

पन्हाळ्याच्या सहलीत राजदिंडी पाहणारा विद्यार्थी आणि रात्री मोबाइलवर नाके धरणारा विद्यार्थी एकच असतो. या दोन अनुभवांत संवाद घडवणे इतिहास व साहित्य या दोन्ही विषयांच्या वर्गात शक्य आहे. त्यासाठी खेळाकडे प्रथम एक रचना म्हणून पाहण्याची तयारी हवी.