वत्सगुल्म : राजसत्ता, व्यापार आणि धर्म
(वाकाटककालीन वऱ्हाडच्या इतिहासलेखनाचे एक चिकित्सक अवलोकन)

प्रास्ताविक

वऱ्हाडच्या प्राचीन इतिहासावरील लेखनात वत्सगुल्म, म्हणजे आजचे वाशीम, हे नगर तीन ठिकाणी हमखास भेटते. राजकीय इतिहासाच्या प्रकरणात ते वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी असते. वाङ्मयाच्या प्रकरणात ते ‘वच्छोमी’ या काव्यरीतीचे माहेर आणि राजशेखराच्या ‘काव्यमीमांसे’तील काव्यपुरुष व साहित्यविद्या यांच्या विवाहाचे स्थळ असते. धर्माच्या प्रकरणात ते वत्स ऋषींची तपोभूमी आणि एकशे आठ तीर्थांचे क्षेत्र ठरते. व्यापाराचे प्रकरण सुरू झाले की मात्र हे नगर दिसेनासे होते. जेथे राजदरबार होता, मंत्र्यांची घराणी होती, कवी होते आणि यात्रेकरू होते, तेथे बाजार नव्हता काय, हा साधा प्रश्न फारसा विचारला जात नाही.

प्रस्तुत लेखाचा उद्देश या प्रश्नाच्या अनुषंगाने वाकाटककालीन इतिहासलेखनाची चिकित्सा करणे हा आहे. सत्ता, व्यापार आणि धर्म यांची स्वतंत्र प्रकरणे पाडण्याच्या पद्धतीमुळे या काळाचे आकलन अपुरे राहिले आहे, आणि ज्या ताम्रपटांवर हे लेखन उभे आहे तेच ताम्रपट या तिन्हींची गुंतवण दाखवितात, असे प्रस्तुत लेखकाचे प्रतिपादन आहे.

एका ताम्रपटाने बदललेला इतिहास

वाकाटकांच्या अभ्यासात म. म. वा. वि. मिराशी यांचे ऋण मान्य केल्याशिवाय पुढे जाता येत नाही. 1939 साली वाशीम येथील ताम्रपट उजेडात येण्यापूर्वी अजिंठ्याच्या लेण्यांतील लेखात आलेले राजे नंदिवर्धनच्या मुख्य वंशावळीत बसविण्याचा प्रयत्न होत असे. द्वितीय विंध्यशक्तीच्या 37 व्या राज्यवर्षातील या ताम्रपटामुळे प्रथम प्रवरसेनाचा पुत्र सर्वसेन याच्यापासून निघालेली वत्सगुल्माची स्वतंत्र शाखा सिद्ध झाली. अजिंठ्याच्या सोळाव्या लेण्यातील लेखाचे वाचन त्या प्रकाशात सुधारण्यात आले. 1957 साली प्रसिद्ध झालेला ‘वाकाटक नृपति आणि त्यांचा काल’ हा मराठी ग्रंथ आणि 1963 साली आलेला वाकाटकांच्या कोरीव लेखांचा संग्रह ही मिराशींची दोन कामे आजही या विषयाचा पाया आहेत.

तथापि पाया भक्कम असला तरी त्यावरील इमारतीची रचना तपासावीच लागते. मिराशींच्या मांडणीत राजकीय घडामोडी, राज्यव्यवस्था, धर्म, वाङ्मय व कला यांची स्वतंत्र दालने आहेत. एकच ताम्रपट वंशावळीसाठी एका दालनात, दानधर्मासाठी दुसऱ्या आणि करपद्धतीसाठी तिसऱ्या दालनात उद्धृत होतो. त्यामुळे माहिती मिळते. पण एकाच पत्र्यावर राजाची बिरुदावली, ब्राह्मणांची नावे आणि मीठ-कोळशाचा हिशोब शेजारी-शेजारी का कोरला गेला, याचे उत्तर मिळत नाही. विद्यापीठीय पाठ्यपुस्तकांनी हीच दालने अधिक आक्रसून उचलली आणि ‘सुवर्णयुग’ हा शिक्का त्यावर मारला.

ताम्रपटाची दोन अंगे

वाशीम ताम्रपटाची भाषा या दृष्टीने लक्षणीय आहे. वंशावळीचा भाग संस्कृतात आहे. प्रत्यक्ष दानाचा व सवलतींचा भाग प्राकृतात आहे. चार अश्वमेध करणाऱ्या प्रथम प्रवरसेनाचा गौरव आणि ‘धर्ममहाराज’ ही पदवी संस्कृतात येते. नांदीकट म्हणजे नांदेडच्या उत्तरमार्गातील एका गावाचे दान अथर्ववेदी ब्राह्मणांना देताना भाषा बदलते. ज्या अधिकाऱ्यांना, शिपायांना व गावकऱ्यांना आज्ञा पाळावयाची होती, त्यांच्या व्यवहाराशी जवळीक असलेली भाषा तेथे वापरली गेली, असा तर्क येथे सहज करता येतो.

त्या प्राकृत भागात कोणत्या सवलती आहेत? गावात सैनिकांनी शिरू नये. राजपुरुषांना खाटा व स्वयंपाकाची भांडी पुरविण्याची सक्ती नसावी. गाई-बैलांवरचा हक्क, फुले व दूध घेण्याचा हक्क, चराई, कातडी व कोळसा यांवरील मागणी नसावी. सोने व धान्य यांच्या रूपाने द्यावयाची रक्कम माफ असावी. मिठाच्या उत्खननावरील राजाचा अधिकार सोडलेला असावा. ही यादी दानाची म्हणून वाचली की ती धर्माच्या प्रकरणात जाते. तीच यादी उलट्या बाजूने वाचली तर जे गाव दान दिले गेले नव्हते, त्या गावाकडून राजसत्ता काय काय घेत असे, याची ती नोंद ठरते. माफी ही नेहमी असलेल्या देण्याचीच असते.

अशा याद्या साचेबंद असतात, दक्षिणेतील पल्लवांच्या प्राकृत ताम्रपटातही अशाच सवलती आढळतात, त्यामुळे त्यावरून वऱ्हाडची प्रत्यक्ष स्थिती सांगता येणार नाही, असा आक्षेप येथे घेतला जाईल. आक्षेप रास्त आहे. परंतु साचा कितीही जुना असला तरी मीठ, कातडी, कोळसा आणि सोने या वस्तू केवळ स्वतःपुरते पिकविणाऱ्या गावाच्या नाहीत. मीठ वऱ्हाडात समुद्रावरून किंवा खाऱ्या पाण्याच्या विहिरींतून येणार. कातडी व कोळसा कारागिरांकडे जाणार. सोन्यातील देणे देण्यासाठी काही तरी विकावे लागणार. राजसत्तेला या वस्तूंवर हक्क सांगावासा वाटला, याचा अर्थ त्यांची ने-आण होत होती.

चम्मकचा दाखला

अमरावती जिल्ह्यातील अचलपूरजवळच्या चम्मक येथील ताम्रपट हा या गुंतवणीचा सर्वांत बोलका पुरावा होय. तो वत्सगुल्म शाखेचा नसून नंदिवर्धन शाखेतील द्वितीय प्रवरसेनाच्या 18 व्या राज्यवर्षातील आहे. मात्र दोन्ही शाखांची शासनपद्धती एकाच मुशीतील असल्याने येथे तो विचारात घेणे योग्य ठरते. फ्लीट यांनी 1888 साली तो आपल्या कोरीव लेखांच्या संग्रहात प्रसिद्ध केला. कोंडराज याच्या विनंतीवरून भोजकट राज्यातील चर्मांक हे गाव, राजमानाने 8000 भूमी, एक हजार ब्राह्मणांना दिल्याचे त्यात नमूद आहे. प्रत्यक्षात नावे 49 जणांचीच आहेत.

या दानाला अटी आहेत. दान घेणाऱ्यांनी राज्याशी द्रोह करू नये, ब्रह्महत्या, चोरी व व्यभिचार करू नये, राजाला विष देण्यासारखे कृत्य करू नये, युद्ध करू नये, इतर गावांना उपद्रव देऊ नये. तसे घडल्यास राजाने जमीन परत घेतली तर तो चोरीचा दोषी ठरणार नाही. जो राजा दानाच्या पुण्यासाठी जमीन देतो तोच दान घेणाऱ्यांकडून शस्त्र न उचलण्याची हमी घेतो, हे सूक्ष्मपणे पाहिले पाहिजे. एक हजार कुटुंबे ही मोठी वस्ती आहे. अशा वस्तीची सत्तेला गरज होती आणि तिची थोडी धास्तीही होती. ‘धार्मिक दान’ या दोन शब्दांत हे सर्व मावत नाही.

आणखी एक बाब अनुल्लेखित राहते. ज्या चर्मांकात हे एक हजार जण आले, तेथे आधीपासून कोणी राहत व कसत असणारच. त्यांच्याकडून होणारी वसुली आता वेगळ्या हातांत गेली. ताम्रपटात त्यांचे नाव नाही. वऱ्हाडातील शेतकऱ्यांच्या मुलांना इतिहास शिकविणाऱ्या अध्यापकाने निदान त्यांच्या अनुपस्थितीची नोंद वर्गात केली पाहिजे.

व्यापाराच्या ऱ्हासाचा सिद्धांत

सुवर्णयुगाच्या मांडणीला दिलेले दुसऱ्या टोकाचे उत्तर रामशरण शर्मा यांच्या ‘इंडियन फ्यूडॅलिझम’ (1965) व ‘अर्बन डिके इन इंडिया’ (1987) या ग्रंथांत मिळते. जमीनदाने, नाण्यांची टंचाई आणि ओस पडलेली नगरे या तीन खुणांवरून त्यांनी व्यापाराच्या ऱ्हासाचे चित्र रेखाटले. कृष्णमोहन श्रीमाळी यांनी 1987 मध्येच वाकाटक लेखांच्या आधारे मध्य भारत व उत्तर दख्खनच्या कृषिरचनेचा तपशीलवार अभ्यास केला. जमीन कसणाऱ्यांकडे लक्ष वेधण्याचे श्रेय या अभ्यासपरंपरेला निःसंशय द्यावे लागेल.

वऱ्हाडापुरते पाहता नाण्यांचा पुरावा या सिद्धांताला वरवर पुष्टी देतो. मंगरूळपीर तालुक्यातील तऱ्हाळा येथे, तेव्हाच्या अकोला जिल्ह्यात, 1939 साली सातवाहनांच्या सुमारे दीड हजार नाण्यांचा साठा सापडला. त्याच प्रदेशातील वाकाटकांची मात्र अजय मित्र शास्त्री यांनी त्यांची म्हणून सांगितलेली तांब्याची मोजकी नाणीच पुढे येतात. म्हणून वाकाटककाळी बाजार आटला, असा निष्कर्ष काढला जातो. परंतु नाणी पाडणे आणि नाणी वापरणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. जुनी नाणी, सोने, धान्य व वस्तुविनिमय यांवर चालणारा व्यापार राजाच्या टांकसाळीची वाट पाहत नाही. वाशीम ताम्रपटातील सोन्याच्या देण्याचा उल्लेख या निष्कर्षाच्या आड येतो.

येथे एक दूरची तुलना उपयोगी पडेल. वाकाटकांच्याच काळात मध्य अमेरिकेतील तिकाल या माया नगरात राजे दगडी स्तंभ उभारीत होते. तेथील प्रसिद्ध 31 क्रमांकाचा स्तंभ इ. स. 445 मधील आहे. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत माया नगरे ही शांतताप्रिय पुरोहितांची क्षेत्रे मानली जात. 1960 मध्ये तातियाना प्रोस्कोरियाकॉफ यांनी स्तंभांवरील मजकूर हा राजांचे जन्म, राज्यारोहण व विजय यांचा इतिहास असल्याचे दाखविले आणि पुरोहितांच्या जागी राजे उभे राहिले. त्या लेखांतही व्यापाराला जवळपास स्थान नाही. तरीही मेक्सिकोतील पाचुका येथील हिरवा काचदगड तिकालमध्ये सापडतो, म्हणजे शेकडो मैलांवरून माल येत होता. राजाने कोरविलेला लेख राजाला जे सांगावयाचे तेच सांगतो. बाजाराची साक्ष मातीतून घ्यावी लागते. आपल्याकडील ताम्रपटांच्या मौनालाही हाच न्याय लावला पाहिजे.

अजिंठा आणि हिस्से-बोराळा

धर्म व सत्ता यांच्या संबंधाबाबतही सरळ सूत्र टिकत नाही. हरिषेणाचा मंत्री वराहदेव हा ब्राह्मण कुळातील. त्याचा पिता हस्तिभोज देवसेनाचा मंत्री होता. याच वराहदेवाने अजिंठ्याचे सोळावे लेणे बौद्ध संघाला अर्पण केले. त्यातील लेख कुंतल, अवंती, कलिंग, कोसल, त्रिकूट, लाट व आंध्र या देशांची नावे हरिषेणाच्या संदर्भात घेतो. विहाराच्या भिंतीवर साम्राज्याची सीमारेषा कोरली जाते, याला केवळ ‘धार्मिक सहिष्णुता’ म्हणणे अपुरे आहे. अजिंठा दख्खनला उत्तरेशी जोडणाऱ्या मार्गांच्या परिसरात आहे; भिक्षू, व्यापारी व राजपुरुष यांची वाट एकच होती. दुसऱ्या लेण्यात पूर्ण अवदानातील समुद्रप्रवासाचे जहाज रंगविले आहे. जो व्यापार ताम्रपटात दबक्या आवाजात बोलतो, तो येथे भिंतीवर उघड दिसतो.

वाशीमजवळील हिस्से-बोराळा येथील शिलालेख या चित्राला आणखी एक पदर जोडतो. शक 380, म्हणजे इ. स. 457-58, हा त्याचा काल असून देवसेनाचा आज्ञाकर स्वामिल्लदेव याने ‘सुदर्शन’ नावाचा तलाव बांधल्याची ती नोंद आहे. गिरनारच्या प्राचीन सुदर्शन तलावाचा फुटलेला बांध स्कंदगुप्ताच्या अधिकाऱ्यांनी दुरुस्त केला, तोही याच दशकात. वत्सगुल्मच्या अधिकाऱ्याने तेच नाव निवडावे, यात पुण्याबरोबर प्रतिष्ठेचा विचार असणे संभवनीय आहे. आणि तलावाचे पाणी शेतीलाही लागते, नगरालाही लागते, तीर्थालाही लागते. हा लेख कोणत्या प्रकरणात घालावा, असा प्रश्न पडला तर दोष लेखाचा नसून प्रकरणांच्या मांडणीचा आहे.

समारोप

वरील विवेचनातून पुढील बाबी स्पष्ट होतात. एक, वाकाटकांचे ताम्रपट हे एकाच वेळी धर्मकृत्य, राजकीय करार आणि करविषयक दस्तऐवज आहेत. त्यांचे तुकडे करून वाचल्यास त्यातील परस्परसंबंध हरवतात. दोन, सुवर्णयुगाची मांडणी देणाऱ्याकडे आणि ऱ्हासाची मांडणी टांकसाळीकडे पाहते. मीठ, कातडी व कोळसा यांची ने-आण करणारे लोक दोन्हींच्या दृष्टीबाहेर राहतात. तीन, राजलेखातील मौनाची पूर्तता उत्खननानेच होऊ शकते. नंदिवर्धनची जागा असलेल्या नगरधन येथे अलीकडच्या उत्खननात प्रभावतीगुप्तेच्या नावाची मातीची मुद्रा मिळाली, ही त्या दिशेची आश्वासक घटना होय.

1998 साली अकोला जिल्ह्यातून वाशीम जिल्हा वेगळा झाला. नव्या जिल्ह्याला आपल्या प्राचीनतेचा अभिमान असणे स्वाभाविक आहे आणि तो असावाही. मात्र पद्मतीर्थावर विद्यार्थ्यांना नेऊन केवळ माहात्म्य सांगणारा अध्यापक आणि केवळ राजांच्या नावांची यादी पाठ करून घेणारा अध्यापक, दोघेही वत्सगुल्म अर्धेच दाखवितात. आपल्या महाविद्यालयांतील इतिहास, मराठी, संस्कृत, अर्थशास्त्र व भूगोल या विभागांनी एकच ताम्रपट एकत्र बसून वाचला, तर वऱ्हाडच्या इतिहासाचे उरलेले अर्धे चित्र पुरे होण्यास निश्चितच साहाय्य होईल. त्यासाठी मोठ्या निधीची गरज नाही. वाशीमचा किंवा चम्मकचा ताम्रपट वर्गात उघडून त्यातील माफीची यादी उलट्या बाजूने वाचण्यापासून आरंभ करता येईल.