यिडिशची शोकसभा आता आवरा

यिडिशवरचा कुठलाही नवा लेख उघडा, माहितीपट पाहा, सुरुवात स्मशानातच होते. एक कोटीहून अधिक ज्यू लोक ही भाषा बोलत होते; हिटलरने बोलणारे मारले, स्टालिनने लेखक मारले, उरलेल्यांची मुले अमेरिकेत इंग्रजीकडे आणि इस्रायलमध्ये हिब्रूकडे गेली. यातले प्रत्येक वाक्य खरे आहे. संताप येतो तो यानंतर लेख संपतो म्हणून. एकाही कादंबरीची चर्चा नाही, एकाही कथेचे नाव नाही. हजार वर्षे जगलेल्या भाषेचा आपण फक्त मृत्यूचा दाखला वाचून दाखवतो. आणि हे नेमके अशा काळात चालले आहे, जेव्हा यिडिशमधले अत्यंत धारदार गद्य प्रथमच इंग्रजीत येते आहे. गेल्या दहा-बारा वर्षांत ज्या अनुवादांनी मला खडबडून जागे केले, ते जवळजवळ सगळे स्त्रियांच्या गद्याचे आहेत.

बाकीचे आधी उरकतो. क्लेझ्मर संगीताच्या पुनरुज्जीवनाने उत्तम वादक दिले. साहित्याला त्याचा फारसा उपयोग झालेला नाही. ‘फिडलर ऑन द रूफ’ने १९६४पासून शोलेम अलेइखेमचा तेव्ये घरोघरी नेला. पण मूळ कथांत तेव्येची मुलगी श्प्रिंत्से पाण्यात जीव देते, बायको गोल्डे मरते, जावई मोटल मरतो, हे रंगमंचावर उरले नाही. आयझॅक बाशेव्हिस सिंगर मोठा कथाकार खराच, पण १९७८च्या नोबेलनंतर यिडिश म्हणजे भुतेखेते आणि पोलंडमधली खेडी हे समीकरण त्याच्या इंग्रजी वाचकांनी पक्के करून टाकले. ‘अनऑर्थोडॉक्स’सारख्या मालिकेला यिडिश हवी आहे ती बंद दाराचा आवाज म्हणून. कर्मठ हसिदी ज्यूंच्या वस्त्यांतल्या रहस्यकथा वाङ्मय म्हणून अजून फार पुढे गेलेल्या नाहीत. मात्र ब्रुकलिन, अँटवर्प आणि जेरुसलेमच्या मेआ शेआरीममध्ये आजही मुले याच भाषेत भांडतात, एवढी गोष्ट ‘मृत भाषा’ म्हणणाऱ्यांना उत्तर म्हणून पुरेशी आहे. ग्लाटश्टेन आणि सुट्झकेव्हर या कवींचे स्थान पक्के आहे. त्यांना माझ्या शिफारशीची गरज नाही.

आता गद्याकडे येतो. मिरियम कार्पिलोव्हची ‘एका एकाकी मुलीची रोजनिशी’ १९१६ ते १९१८ या काळात न्यूयॉर्कच्या एका यिडिश दैनिकात क्रमशः आली. भाड्याच्या खोलीत एकटी राहणारी तरुणी आणि तिला मुक्त प्रेमाचे तत्त्वज्ञान शिकवायला येणारे पुरुष, एवढाच तिचा ऐवज. नकार दिला तर ती मागासलेली. होकार दिला तर परिणाम तिने एकटीने भोगायचे. कार्पिलोव्ह प्रत्येक पुरुषाला त्याचा युक्तिवाद पूर्ण मांडू देते आणि मग तो कुणाच्या सोयीचा आहे ते दाखवते. या कादंबरीचा जेसिका किर्झनर यांनी केलेला इंग्रजी अनुवाद यायला शंभर वर्षे लागली. फ्राडल श्टोकचा कथासंग्रह १९१९चा. गॅलिशियातल्या लहान गावांतल्या बायकांची वासना, कंटाळा आणि स्वप्ने ती इतक्या कमी शब्दांत मांडते, की त्या काळच्या कित्येक नावाजलेल्या कथाकारांचे लेखन त्यापुढे पसरट वाटते. तिचा यिडिशमधला हा एकुलता एक संग्रह.

सिंगर भावंडांतली थोरली एस्थर क्राइटमन. रब्बीच्या घरातली हुशार मुलगी, अभ्यास भावांसाठी आणि तिच्यासाठी अँटवर्पमधल्या एका हिरे-कारागिराशी ठरवलेले लग्न. या अनुभवातून तिने १९३६ साली कादंबरी लिहिली. ती इंग्रजीत ‘देबोरा’ या नावाने आली. धाकट्या भावाचे ‘इन माय फादर्स कोर्ट’ ज्यांनी प्रेमाने वाचले आहे, त्यांनी ही कादंबरी त्याच्या शेजारी ठेवून वाचावी. तेच घर, तोच भाविक बाप. पण इथे त्या घराची किंमत कोण मोजते ते कळते. काद्या मोलोदोव्स्कीने १९४२मध्ये ल्युब्लिनहून न्यूयॉर्कला आलेल्या वीस वर्षांच्या निर्वासित मुलीची रोजनिशी लिहिली, आणि आपल्या गावावर बाँब पडत असताना परक्या शहरात नोकरी व नवरा शोधण्यातली शरम ती कुठेही झाकत नाही. खाना ब्लांकश्टेनचा कथासंग्रह १९३९मध्ये, युद्धाच्या तोंडावर, व्हिल्नात छापला गेला. अनुवादक अनिता नॉरिच यांच्यामुळे तो आज वाचायला मिळतो. ब्लुमे लेम्पेलची ‘ईडिपस इन ब्रुकलिन’ ही कथा आई आणि तिच्या आंधळ्या मुलाच्या संबंधाविषयी आहे. ज्यांना यिडिश म्हणजे आजीच्या गोष्टी वाटतात, त्यांनी तिथूनच सुरुवात करावी.

या सगळ्यांच्या वर मी खावा रोझेनफार्बला ठेवतो. लॉड्झमध्ये १९२३ साली जन्म, त्याच शहराच्या घेट्टोत तारुण्य, मग ऑशविट्झ आणि बर्गेन-बेल्झेन, आणि १९५०पासून माँट्रियल. ‘जीवनवृक्ष’ ही तिची तीन खंडांची कादंबरी १९७२ साली प्रसिद्ध झाली. दहा माणसांच्या आयुष्यातून ती १९३९ ते १९४४चे घेट्टो उभे करते. घेट्टोचा ज्यू प्रमुख रुमकोव्स्की त्यात खऱ्या नावाने वावरतो. तो तिथे राक्षस नाही आणि निर्दोषही नाही. सत्तेची चटक लागलेला म्हातारा आहे, आणि म्हणूनच तो भयंकर वाटतो. कादंबरी ऑशविट्झच्या दाराशी थांबते आणि पुढे कोरी पाने येतात. कोरे पान ही लेखकाची पळवाट ठरू शकते. इथे ती कोरी पाने आधीच्या शेकडो भरगच्च पानांनी मिळवलेली आहेत. ‘एद्ज्याचा सूड’ या तिच्या दीर्घकथेची निवेदिका छळछावणीत जर्मनांसाठी मुकादमगिरी केलेली बाई आहे. तिने एकदा जिचा जीव वाचवला, ती बाई तिला माँट्रियलमध्ये पुन्हा भेटते. वाचलेल्या माणसांना आपण संत मानतो. रोझेनफार्ब, जी स्वतः वाचली, तसे मानायला नकार देते. तिच्या कादंबरीचा पहिला खंड संथ आहे, काही पात्रे भाषणे देतात. हे सांगितलेच पाहिजे, कारण तिला दयेपोटी मोठे म्हणणे हा तिचा अपमान आहे.

मग या बायका इतकी वर्षे कुठे होत्या? नाझींनी त्यांची पुस्तके जाळली, एवढे उत्तर पुरत नाही. कार्पिलोव्ह आणि श्टोक न्यूयॉर्कमध्ये छापल्या गेल्या. तिथे कुणी काही जाळले नाही. यिडिश ही बायकांची आणि अडाण्यांची बोली, असा शिक्का तिच्यावर शतकानुशतके होता. एकोणिसाव्या शतकातल्या लेखकांना प्रतिष्ठा हवी होती, म्हणून त्यांनी पुरुषांची वंशावळ रचली. शोलेम अलेइखेमने ज्येष्ठ लेखक मेंडेलेला आजोबा ठरवले आणि स्वतः नातू झाला. त्या कुळात आजीला जागा नव्हती. एझ्रा कोरमनने १९२८मध्ये सत्तर कवयित्रींचा संग्रह काढला, त्याचे ऋण मोठे आहे. पण पुढच्या समीक्षकांनी स्त्रियांना कवितेच्या दालनात बसवून कादंबरीचे दार लावून घेतले. त्यांच्या कादंबऱ्या दैनिकांत हप्त्याहप्त्याने आल्या, रोज वाचल्या गेल्या आणि त्यांतल्या कित्येकांची पुस्तके कधी निघालीच नाहीत. ॲरन लान्स्कींनी १९८०पासून दहा लाखांहून अधिक यिडिश पुस्तके वाचवली, हे विसाव्या शतकातले एक थोर काम आहे. पण जी कादंबरी कधी पुस्तक झालीच नाही, ती पुस्तकांच्या ढिगात सापडणार कशी? ती मायक्रोफिल्मवर शोधावी लागते, आणि आज हे काम मुख्यतः स्त्री-अभ्यासकच करताहेत.

म्हणून शोकाची भाषा मला मान्य नाही. शोक करणाऱ्याला निवड करावी लागत नाही, परीक्षण करावे लागत नाही. सगळेच गेले म्हटले, की सगळेच सारखे पवित्र ठरते आणि कुणाला कुणी डावलले हा प्रश्न उरत नाही. मारलेल्यांच्या भाषेपुढे मान झुकवावी, असे कुणी म्हणेल. पण त्या माणसांना काय हवे होते? वॉर्सा घेट्टोत इमानुएल रिंगेलब्लुम आणि त्याच्या सहकाऱ्यांनी निबंध, रोजनिशा, पत्रे, अगदी ट्रामची तिकिटेसुद्धा जमवून पत्र्याच्या पेट्यांत आणि दुधाच्या कॅनमध्ये पुरली. १९४६ आणि १९५०मध्ये ती मिळाली. त्या गटातले तिघेच वाचले. त्यांतली एक राखेल आउअरबाख. ती घेट्टोत लोकांसाठी स्वयंपाकघर चालवत होती आणि लिहीत होती. तिची ‘वॉर्सॉ टेस्टामेंट’ अलीकडेच इंग्रजीत आली आहे. या लोकांनी कागद पुरले ते पुढच्या माणसांनी वाचावेत म्हणून. त्यांना फुले वाहून निघून जाणे हा त्यांच्या हेतूशी द्रोह आहे.

कोकणातल्या बेने इस्रायलींमुळे ज्यू माणूस मराठी वाचकाला शेजारी म्हणून माहीत आहे. पण त्यांची भाषा मराठी, यिडिशशी त्यांचा संबंध नाही. यिडिश आपल्याकडे आली ती बहुतेक नरसंहारावरच्या इंग्रजी पुस्तकांतून आणि चित्रपटांतून, म्हणजे पुन्हा मृत्यूच्याच दाराने. ते दार बदलणे आपल्या हातात आहे. मराठी अनुवादकांनी आणखी एक तेव्ये करण्याआधी ‘एद्ज्याचा सूड’ हातात घ्यावी आणि मग कार्पिलोव्ह करावी. संपादकांनी या बायकांवर परीक्षणे मागवावीत, कडक परीक्षणे. आणि यिडिशच्या अंतावर पुढचा लेख लिहायला बसणाऱ्याने आधी क्राइटमन, श्टोक, मोलोदोव्स्की, लेम्पेल आणि रोझेनफार्ब वाचाव्यात. तोपर्यंत त्याने लेखणी खाली ठेवावी.