न पोचलेले पत्र

फ्रान्झ काफ्काची एकही कथा ज्याने वाचली नाही, अशा वाचकालाही त्याचे 'वडिलांस पत्र' परके वाटणार नाही. नोव्हेंबर १९१९ मध्ये प्रागजवळच्या शेलेझेन गावी छत्तीस वर्षांच्या ह्या मुलाने सुमारे शंभर हस्तलिखित पाने लिहिली. निमित्त ताजे होते. त्याने ठरवलेल्या लग्नाला वडिलांनी अपमानकारक शब्दांत विरोध केला होता. हर्मान काफ्का म्हणजे खाटकाचा मुलगा, स्वकष्टाने व्यापारी झालेला, धिप्पाड, मोठ्या आवाजाचा; मुलगा किडकिडीत व भित्रा. लहानपणी एका रात्री पाण्यासाठी किरकिरणाऱ्या ह्या पोराला बापाने उचलून बाहेर सज्जात उभे केले आणि दार लावून घेतले. ती रात्र मुलगा कधीच विसरला नाही.

समेटासाठी लिहिलेले हे पत्र मला मात्र समेटाचे वाटत नाही. ती कैफियत आहे. त्यात वकिली डावपेच असल्याचे पुढे मिलेनाला लिहिताना खुद्द काफ्कानेच मान्य केले. अखेरीस तर तो बापाची बाजूही बापाच्याच तोंडून मांडतो व लगोलग तिला उत्तर देतो. मग बापाने बोलायचे काय उरले? लूकच्या शुभवर्तमानातील धाकट्या मुलानेही परतीसाठी भाषण जुळवून ठेवले होते. पण आपल्याला चाकर म्हणून ठेवावे, हे त्यातले शेवटचे वाक्य उच्चारण्याआधीच बापाने उत्तम झगा आणण्यास सांगितले. काफ्काच्या पत्रात कोणी मध्येच बोलावे अशी फटच नाही.

एक जागा मात्र निराळी आहे. मुलगा आजारी, बहीण ऑटला हिच्या खोलीत पडलेला. बाप हलक्या पावलांनी येतो, उंबरठ्यावरच थांबतो, मान पुढे काढून पाहतो आणि त्रास नको म्हणून नुसता हात हलवतो. अशा वेळी सुखाने रडू येई, आता लिहितानाही येते, असे मुलगा सांगतो. जेमतेम काही ओळी! सज्जातल्या रात्रीवर समीक्षकांनी पुष्कळ लिहिले आहे; मला हा उंबरठा अधिक मोलाचा वाटतो.

पत्र त्याने आईपाशी दिले. मित्र मॅक्स ब्रॉड यांच्या सांगण्याप्रमाणे, तिने ते पुढे न देता मुलाला परत केले. तिचे चुकले असे म्हणवत नाही. बापलेकांतले निरोप आपल्या घरांतही आईच चाळून पोचवते. १९२४ साली मुलगा गेला, १९३१ साली बाप. संपूर्ण पत्र छापून आले ते १९५२ साली. प्रागच्या ज्यू दफनभूमीत दोघे एकाच थडग्यात आहेत.