दोन पट्ट्यांचा देश

तिसरी पाळी सुटल्यावर खोलीतल्या सगळ्यांनी मिळून मोबाइलवर ‘मिसबिहेवियर’ बघितला. २०२० सालचा इंग्रजी सिनेमा, दिग्दर्शन फिलिपा लोथॉर्प यांचं. मी काही समीक्षक नाही. सूतगिरणीत रिंगफ्रेमवर तुटलेले धागे सांधतो. पण या सिनेमातला एक धागा सुटलेला दिसला, म्हणून लिहितो.

गोष्ट खरी घडलेली. २० नोव्हेंबर १९७०. लंडनचा रॉयल अल्बर्ट हॉल. मिस वर्ल्ड स्पर्धा. बॉब होप नावाचा विनोदवीर पोरींवरनं गुरांच्या बाजाराचे विनोद करतो. अन् स्त्रीमुक्तीवाल्या बाया उठतात. पिठाच्या पुड्या फेकतात, खुळखुळे वाजवतात, पत्रकं उधळतात. होप स्टेजवरून पळतो. आम्ही खोलीत टाळ्या वाजवल्या. छाती-कंबर मोजून बाईचा नंबर लावायचा अन् त्याला सौंदर्य म्हणायचं? गाठ फोडून कापसाची प्रत लावतात, तसलंच हे. उठल्या ते बरंच केलं.

पण त्याच रात्री ग्रेनाडाची जेनिफर हॉस्टन जिंकली. पहिली काळी मिस वर्ल्ड. शेवटाकडं तिची अन् सॅली अलेक्झांडरची, म्हणजे निदर्शनं करणाऱ्या गोऱ्या बाईची, गाठ पडते. जेनिफरचं म्हणणं, मला बघून काळ्या पोरींना वाटेल की जगात आपल्यालाही जागा आहे. सॅलीपाशी त्याला नीट उत्तर नाही. सिनेमापाशीही नाही. दोघी बरोबर, एवढं म्हणून तो पुढं निघतो.

मला विचाराल तर खरा प्रश्न तिसरीचा आहे. पर्ल जॅन्सन. दक्षिण आफ्रिकेतून त्या साली दोन मुली आल्या. गोरीच्या पट्ट्यावर ‘साउथ आफ्रिका’, पर्लच्या पट्ट्यावर ‘आफ्रिका साउथ’. देश तोच, नाव तेवढं उलटं. गावात दोन पाणवठे ज्यानं बघितलेत, त्याला हे समजावून सांगायला नको. निकालात पर्ल दुसरी आली, गोरी पाचवी. तरी पर्लचा देश तोच राहिला. तिथली वर्णभेदाची राजवट १९९४ पर्यंत टिकली.

सिनेमातली पर्ल जेनिफरला हळूच सांगते, की मी तोंड उघडलं तर मला घरी परतता येणार नाही. तिथं माझा घास घशात अडकला. अख्खा सिनेमा या एका बोलण्यात होता. पण कॅमेरा पुन्हा पिठाकडं वळला.

मुकुट घ्यायचा की झुगारायचा, हा वाद ज्यांना बोलता येतं त्यांचा. छातीवर पट्टा अन् तोंडावर बंदी असलेल्या बाईनं काय करावं? निदर्शकांचा राग स्पर्धेवर होता, मुलींवर नव्हता, हे मान्य. पण राग नाही म्हणून सोबत झाली, असं होत नाही. पर्लच्या बाजूला उभं कोण राहिलं? हे विचारायला सिनेमा कचरला.

तरी सिनेमा बघा दोस्तहो. फक्त पिठाचा धुरळा खाली बसला की पर्ल कुठं उभी आहे, तेवढं शोधा.