गंभीर मुद्रेचा विनोद : रॉबर्ट बेंचलीचे लघुपट

चित्रपटातील निर्विकार विनोदाचा विषय निघाला की बस्टर कीटनचे नाव प्रथम घेतले जाते, आणि ते योग्यच आहे. तथापि माहितीपटाचे सोंग घेणाऱ्या लघुपटांचा विचार करताना अमेरिकन विनोदकार रॉबर्ट बेंचली (१८८९-१९४५) याच्याकडे वळावे लागते. कीटनसारखा दगडी चेहरा त्याला लाभलेला नव्हता. सभ्य, किंचित अवघडलेला आणि तरीही स्वतःच्या विषयावर पूर्ण श्रद्धा असलेला वक्ता तो उभा करतो. ही श्रद्धाच त्याच्या विनोदाचे मर्म होय, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

'द ट्रेझरर्स रिपोर्ट' हे विडंबन त्याने १९२२ साली न्यूयॉर्कमध्ये एका हौशी प्रयोगात प्रथम सादर केले. १९२८ मध्ये फॉक्स कंपनीने त्याचा बोलपट काढला. मूळ खजिनदाराऐवजी उभा राहिलेला सहायक संस्थेचा हिशेब मांडतो. आकड्यांचा मेळ बसत नाही, वाक्ये अर्ध्यावर तुटतात; अहवालाचा सूर मात्र अखेरपर्यंत टिकतो. (वार्षिक सभांना बसलेल्या प्राध्यापकवर्गास याचे अधिक स्पष्टीकरण नको.) त्याच वर्षीच्या 'द सेक्स लाइफ ऑफ द पॉलिप'मध्ये तो एका क्षुद्र जलजीवाच्या प्रणयावर महिला मंडळासमोर शास्त्रीय व्याख्यान देतो. विषय चावट आहे, याची वक्त्यास गंधवार्ताही नसते.

या दृष्टीने एमजीएमचा 'हाऊ टु स्लीप' (१९३५) सर्वांत अर्थपूर्ण ठरतो. गाद्या तयार करणाऱ्या सिमन्स कंपनीने मेलन इन्स्टिट्यूटकडून झोपेवर संशोधन करवून घेतले होते; त्यावरून हा लघुपट सुचला आणि अवघ्या दोन दिवसांत चित्रित झाला. निवेदक बेंचली आणि झोपू पाहणारा गृहस्थही बेंचलीच. निवेदक निद्राशास्त्र शांतपणे समजावतो, पडद्यावरील देह ते प्रामाणिकपणे आचरू पाहतो आणि झोप दूरच राहते. निवेदनात उघड थट्टा आली असती, तर तो केवळ फजितीचा प्रसंग झाला असता. येथे मात्र प्रेक्षक शास्त्रावर विश्वास ठेवतच शास्त्राला हसतो. या लघुपटास ऑस्कर मिळाले. सिमन्सने त्यातील छायाचित्र आपल्या जाहिरातींत वापरले. मेलन इन्स्टिट्यूटला मात्र हा प्रकार रुचला नाही. हा भेद बोलका आहे. गादी विकणाऱ्याला प्रसिद्धीशी कर्तव्य होते, संशोधन संस्थेला मात्र पडद्यावर स्वतःचाच आवाज ऐकू आला असावा.

यशानंतर अशा लघुपटांची मालिकाच निघाली. श्वानशिक्षणापासून मतदानापर्यंत अनेक विषय त्यात आले. त्यांतील बरेचसे आज साचेबंद वाटतात. गोंधळलेला गृहस्थ पुढे सरकतो, व्याख्यात्याचा अधिकार क्षीण होतो आणि उरते ते नेहमीचे घरगुती प्रहसन. त्यामुळे बक्षीसपात्र 'हाऊ टु स्लीप'चे महत्त्व मान्य करूनही, अभिनयाच्या कसोटीवर प्रस्तुत लेखक पॉलिपवरील व्याख्यानालाच अग्रमान देईल. तेथे वक्त्याची श्रद्धा क्षणभरही ढळत नाही.