खेळ आणि बुद्धि : व्हिगोट्स्कीच्या एका व्याख्यानाविषयीं

खेळ हा अभ्यासाचा शत्रु, ही समजूत आमच्या सुशिक्षित घरांत अद्याप दृढ आहे. बऱ्याच वर्षांपूर्वीं आम्हींच भातुकली मांडून बसलेल्या आमच्या मुलीस उठवून पाढे म्हणावयास लाविलें होतें. त्या अपराधाची जाणीव आम्हांस पुढें लेव्ह व्हिगोट्स्की या रशियन मानसशास्त्रज्ञाच्या खेळावरील व्याख्यानानें करून दिली. हें व्याख्यान १९३३ सालीं लेनिनग्राड येथें झालें. पुढल्याच वर्षीं, अवघें ३७ वर्षांचें वय असतां, त्याचा अंत झाला, आणि तें छापून निघावयास १९६६ साल उजाडावें लागलें.

व्याख्यानाचा गाभा असा : लहान मुलाची बुद्धि प्रथम समोर दिसणाऱ्या वस्तूस जखडलेली असते. काठीचा घोडा करतांना 'घोडा' हा अर्थ खऱ्या घोड्यापासून सुटतो. मात्र सुटण्यास त्याला काठीसारखा आधार लागतोच. जिच्यावर टांग टाकतां येत नाहीं, ती वस्तु घोडा होऊं शकत नाहीं.

दुसरा विचार याहून मार्मिक आहे. खेळ म्हणजे स्वैराचार, असें आपण मानतों. व्हिगोट्स्कीच्या मतें प्रत्येक सोंगांत नियम दडलेला असतो. आपलीच भातुकली पाहा. तींत 'आई' झालेली मुलगी सर्वांस वाढून मग आपण जेवते. एरवीं तीच खाऊचा पहिला वाटा कोणास देणार नाहीं! इच्छेस आवर घालण्यांतच येथें तिला सुख वाटतें.

झाँ पियाजे याच्या १९४५ मधील ग्रंथाशीं तुलना केली म्हणजे या विचाराचें बळ कळतें. पियाजेनें आपल्या तीन मुलांचीं निरीक्षणें अपार चिकाटीनें नोंदविलीं. परंतु त्याच्या मतें खेळांत मूल जगाशीं जुळवून घेण्याऐवजीं जगासच आपल्या मनाजोगें वांकवितें. एकास खेळ हा वाढीचें साधन वाटतो, दुसऱ्यास बव्हंशीं वाढीचें चिन्ह. निरीक्षणाची श्रीमंती पियाजेकडे, दृष्टीची झेप व्हिगोट्स्कीकडे, असा आमचा अभिप्राय आहे.

दोषही सांगितला पाहिजे. व्हिगोट्स्की सिद्धान्त भरघोस मांडतो, पुरावा मात्र तुटपुंजा देतो. अँजेलिन लिलार्ड व त्यांचे सहकारी यांनीं २०१३ सालीं तोंवरचें संशोधन तपासलें, तेव्हां सोंगाच्या खेळावांचून बुद्धि वाढतच नाहीं असें म्हणण्यास पुरेसा आधार मिळाला नाहीं. भाषा, कथनशक्ति अशा कांहीं बाबतींत तेवढी शक्यता उरली.

मग खेळाचा कैवार सोडावा काय? आम्हांस तसें वाटत नाहीं. उलट, 'बुद्धि वाढते म्हणून खेळ' असें म्हणणारे पालक पाढ्यांच्या जागीं खेळाचेंच वेळापत्रक टांगतील, हें भय आम्हांस अधिक आहे. हुकुमानें खेळलेला खेळ हा खेळच नव्हे. त्यांतील नियम मुलानें आपण होऊन पत्करलेला नसतो. आमच्या मुलीस पाढे पुढें आलेच असते. मोडलेली भातुकली मात्र तिनें त्या दिवशीं पुन्हा मांडली नाहीं.