गदिमांची पटकथा : गीतांच्या छायेतील कर्तृत्व

ग. दि. माडगूळकर (१९१९-१९७७) यांचे नाव उच्चारताच मराठी रसिकाला 'गीतरामायण' आठवते. ही कीर्ती रास्तच आहे. तथापि तिच्यामुळे त्यांच्या पटकथालेखनाचा स्वतंत्र विचार मागे पडला. गीते चित्रपटापासून सुटी होऊन आकाशवाणीवर आणि संग्रहांत टिकली. ज्या प्रसंगांसाठी ती रचली गेली, त्या प्रसंगांचा रचनाकार मात्र समीक्षेच्या कक्षेबाहेर राहिला.

या लेखकाची जडणघडण चित्रसंस्थांतच झाली. मास्टर विनायकांच्या 'ब्रह्मचारी' (१९३८) मधील छोटी भूमिका, वि. स. खांडेकरांचे लेखनिकपद आणि 'नवयुग'मध्ये के. नारायण काळे यांच्या हाताखालील साहाय्यक दिग्दर्शन, हा त्यांचा उमेदवारीचा काळ होय. पडद्यावर प्रसंग कसा उभा राहतो याची जाण त्यांना येथे मिळाली. 'लाखाची गोष्ट' (१९५२) मध्ये कथानकाचा सारा डोलारा एका अटीवर उभा आहे : लाख रुपये मुदतीत खर्चून दाखवायचे. दरिद्री नायकाला पैसा मिळणे हा येथे शेवट नसून पेच आहे. विनोद शाब्दिक कोटीतून नव्हे, तर या उलट्या परिस्थितीतून निर्माण होतो.

पटकथाकार गदिमांची खरी कसोटी 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) मध्ये लागते. कारण या चित्रपटाची गीते भरत व्यास यांची आहेत. येथे गदिमांच्या हाती केवळ कथा आणि पटकथा होती. कथेमागे औंध संस्थानातील स्वतंत्रपूरच्या मुक्त तुरुंगाचा प्रयोग आहे आणि गदिमांचे बालपण याच मुलखातले. सहा खुनी कैदी, एक तुरुंगाधिकारी आणि ओसाड जमीन एवढ्या सामग्रीतून त्यांनी विश्वासाची परीक्षा उभी केली. सुधारणा उपदेशाने न सांगता ती शेतीच्या श्रमांतून दाखविली. चित्रपटाला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक लाभले आणि १९५८ मध्ये बर्लिन महोत्सवातही त्याचा गौरव झाला. अर्थात, सहाही कैदी बहुतांशी समूह म्हणूनच वावरतात आणि तुरुंगाधिकाऱ्याचे आदर्शत्व त्यांच्या व्यक्तित्वांवर छाया टाकते, ही या पटकथेची मर्यादाही नोंदविली पाहिजे.

अशी चिकित्सा कवी गदिमांच्या वाट्याला आली, पटकथाकार गदिमांच्या वाट्याला क्वचितच. पटकथा ही दिग्दर्शकाची कच्ची सामग्री, या समजुतीचा तो परिणाम होय. 'तीन चित्रकथा' ग्रंथरूपाने वाचकांपुढे ठेवणाऱ्या या लेखकाला ती समजूत मान्य नसावी. मराठी समीक्षेनेही ती आता सोडावयास हवी.